नभोवाणीकडून अनुबोधपटाकडे : श्रीमती सई परांजपे यांची कामगिरी व शेतकऱ्यांनीं तींतून घ्यावयाचा धडा

गेल्या हंगामांत आमच्या पिंपळी गांवीं एक लहानशी, पण विचार करावयास लावणारी गोष्ट घडली. मोबाईलवर एक चित्रफीत गांवभर फिरली. तींत डोक्याच्यावर गेलेला हिरवागार आडसाली ऊस उभा होता, आणि एका औषधाच्या दोन फवारण्यांनीं एकरीं उतारा किती वाढला हें एक गृहस्थ छातीठोकपणें सांगत होते. आमच्यापैकीं कांहींनीं तें पाहिलें, पदरचे पैसे मोडून औषध आणलें आणि फवारलें. प्रस्तुत लेखकही त्यांतलाच एक. ऊस तुटून वजनकांट्यावर गेला, तेव्हां फवारलेल्या व न फवारलेल्या उसांत सांगण्याजोगा फरक निघाला नाहीं.

पैसा गेला तो गेला; पण मनाला चुटपुट लागून राहिली ती निराळ्या कारणानें. जें डोळ्यांनीं पाहिलें तें खोटें कसें ठरलें? चित्रांतला ऊस खरा होता, माणूस खरा होता, शेतही खरेंच असावें. मग लबाडी शिरली कोठें? ह्या प्रश्नाचें उत्तर शोधूं लागल्यावर असें वाटलें कीं, ज्यांनीं आपलें सारें आयुष्य खरी गोष्ट आवाजानें व चित्रानें लोकांपुढें मांडण्यांत घालविलें, अशा एखाद्या व्यक्तीची कामगिरी नीट पाहावी. आपल्याच पुणें जिल्ह्याशीं जवळचा संबंध असलेल्या श्रीमती सई परांजपे यांचें नांव त्या दृष्टीनें सहजच पुढें येतें. नभोवाणी, दूरदर्शन, अनुबोधपट व चित्रपट ह्या चारही क्षेत्रांत त्यांनीं काम केलें असून सन २००६ सालीं त्यांस 'पद्मभूषण' हा किताब मिळाला. त्यांच्या कांहीं कृतींत तर खेड्यांतील माणसांचे व पाण्याचे प्रश्नच मध्यवर्ती आहेत.

घराणें व पूर्वपीठिका

सईबाईंचा जन्म सन १९३८ चा. त्यांचे आजोबा म्हणजे रँग्लर रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे. दापोलीजवळच्या मुर्डी ह्या कोंकणांतील खेड्यांत जन्मलेल्या ह्या गृहस्थांनीं सन १८९९ सालीं केंब्रिज येथें 'सीनियर रँग्लर' हा बहुमान मिळविला. तो मिळविणारे ते पहिले हिंदी विद्यार्थी. पुढें पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयाचे प्राचार्य म्हणून त्यांची कीर्ति झाली. सईबाईंच्या मातोश्री शकुंतलाबाई ह्यांनीं संततिनियमनाच्या प्रचारास वाहून घेतलें होतें. वडील रशियन चित्रकार होते.

ह्या घराण्याचा व चलच्चित्रांचा योग मोठा विलक्षण आहे. रँग्लर परांजपे सन १९०१ च्या डिसेंबरांत विलायतेहून परतले, तेव्हां मुंबईंत त्यांचें जें स्वागत झालें त्याचें चित्रण हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनीं केलें. आपल्या देशांतील अगदीं पहिल्या वार्ताचित्रांत त्याची गणना होते. म्हणजे आजोबा वार्ताचित्राचा विषय झाले, आणि पुढें नातीनें चित्रें घेण्याचें यंत्र आपल्या हातीं घेतलें.

शेतकरी वाचकांस आणखी एक गोष्ट येथें सांगण्यासारखी आहे. दादासाहेब फाळके यांनीं 'राजा हरिश्चंद्र' काढण्यापूर्वीं, सन १९१२ च्या सुमारास, कुंडींत लावलेल्या वाटाण्याची वाढ थोड्या थोड्या अवकाशानें टिपून 'अंकुराची वाढ' ही चित्रफीत तयार केली होती. कित्येक दिवसांची वाढ त्यामुळें कांहीं क्षणांत डोळ्यांपुढें घडतांना दिसे. फाळके यांच्या चित्रपटकार्याचा आरंभ असा एका अंकुरापासून झाला, हें आपण शेतकऱ्यांनीं अभिमानानें लक्षांत ठेवावें.

पुणें नभोवाणीचे दिवस

पुण्याचें आकाशवाणी केंद्र ता. २ आक्टोबर १९५३ रोजीं सुरू झालें. सईबाईंनीं आपल्या कामास आरंभ केला तो ह्याच केंद्रावर, निवेदिका म्हणून. लवकरच त्या मुलांच्या कार्यक्रमांत रमल्या. नभोवाणीवर बोलणाऱ्यास श्रोता दिसत नाहीं. तो माना डोलावतो कीं जांभया देतो हें कळण्यास मार्ग नसतो. म्हणून वाक्य सोपें, शब्द नेमका आणि बोलणें एका माणसाशीं चालल्यासारखें ठेवावें लागतें. त्यांतही मुलांसाठीं बोलणें अधिक अवघड. कारण मूल कंटाळलें कीं तें उठून जातें, शिष्टाचारासाठीं बसून राहत नाहीं.

त्याच पुणें केंद्रानें सन १९५६ सालीं शेतकऱ्यांच्या दृष्टीनें फार महत्त्वाचा असा एक प्रयोग केला. त्याची आठवण आतां फारशी कोणास राहिलेली नाहीं. युनेस्को ह्या जागतिक संस्थेच्या साहाय्यानें तेव्हांच्या मुंबई राज्यांतील पांच जिल्ह्यांतलीं सुमारें दीडशें गांवें निवडण्यांत आलीं. प्रत्येक गांवीं निवडक मंडळींचें एक श्रवणमंडळ असे. आठवड्यांतून दोनदां शेती, आरोग्य, शिक्षण अशा विषयांवर अर्ध्या तासाचा कार्यक्रम होई. असे एकूण वीस कार्यक्रम झाले. कार्यक्रम संपला म्हणजे यंत्र बंद करून मंडळी आपसांत चर्चा करीत, शंका लिहून पुण्यास पाठवीत, आणि त्यांचीं उत्तरें पुढच्या कार्यक्रमांत मिळत. कॅनडांतील शेतकऱ्यांच्या अशाच मंडळांवरून ही कल्पना घेतली होती. ऐका, चर्चा करा, मग कृति करा, असें तिचें सूत्र होतें. प्रयोगाची पाहणी मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेनें केली, आणि ज्या गांवीं मंडळें होतीं तेथील लोकांच्या माहितींत चांगली भर पडल्याचें तींत आढळून आलें. पुढें ही पद्धति इतर प्रांतांतही नेण्यांत आली.

ह्या प्रयोगांतील मर्म असें कीं, बोलणारा एकटा बोलत नव्हता. ऐकणाराही उलट विचारीत होता. मोबाईलवरील चित्रफीत आपणांस सांगते, पण आपलें ऐकत नाहीं. पाहून झालें कीं जो तो आपापल्या घरीं एकट्यानेंच निर्णय घेतो. पूर्वींच्या श्रवणमंडळांत दहा जण बसले असते, तर एकानें तरी विचारलें असतें, "बाबा रे, न फवारलेला ऊस कोठें आहे तो दाखव."

दूरदर्शन व अनुबोधपट

पुण्याहून सईबाई दिल्लीस राष्ट्रीय नाट्यविद्यालयांत गेल्या व तेथील शिक्षण सन १९६३ सालीं पुरें करून पुढें दिल्ली दूरदर्शनवर निर्मात्या व दिग्दर्शिका झाल्या. तेथें त्यांनीं बरींच वर्षें काढलीं. हें तेंच केंद्र, जेथून ता. २६ जानेवारी १९६७ पासून दिल्लीभोंवतालच्या ८० खेड्यांसाठीं 'कृषिदर्शन' हा कार्यक्रम सुरू झाला. सन १९७२ सालीं दूरदर्शनसाठीं केलेल्या 'दि लिट्ल टी शॉप' ह्या त्यांच्या कृतीस तेहरान येथें आशियाई ध्वनिक्षेपण संघाचें पारितोषिक मिळालें. त्याच वर्षीं ता. २ आक्टोबरला मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झालें; त्याच्या उद्घाटनाचा कार्यक्रम करण्यासाठीं निवड झाली ती सईबाईंचीच. ह्याच मुंबई केंद्रावरून पुढें 'आमची माती, आमची माणसं' हा शेतकऱ्यांचा कार्यक्रम घरोघरीं पोंचला.

येथून त्या चित्रपटांकडे व अनुबोधपटांकडे वळल्या. दोन वेळां त्यांनीं बालचित्र समितीचें अध्यक्षपद भूषविलें आणि मुलांसाठीं 'जादू का शंख' (१९७४), 'सिकंदर' (१९७६) असे चित्रपट काढले. आझाद हिंद सेनेच्या कॅप्टन लक्ष्मी, गायक पंकज मलिक, अंधांसाठीं तयार होणारीं बोलकीं पुस्तकें, असे नाना विषय त्यांनीं अनुबोधपटांसाठीं घेतले. सहकारी साखर कारखान्याच्या छायेंत वाढलेल्या आपल्यासारख्या वाचकांस विशेष जवळचा वाटावा असा त्यांचा एक अनुबोधपट म्हणजे 'वारणा वाद्यवृंद'. कोल्हापूर जिल्ह्यांत तात्यासाहेब कोरे यांनीं वारणेकांठीं साखर कारखाना उभा केला, आणि उसाच्या पैशांतून केवळ बंगले न उठतां शाळा उठाव्यात, मुलांचा वाद्यवृंदही उभा राहावा, अशी व्यवस्था केली. खेड्यांतील मुलें नाना वाद्यें सुरांत वाजवितात, हें ह्या अनुबोधपटानें बाहेरच्या जगास दाखविलें. कारखान्याचें मोजमाप गाळपाच्या टनांवर होतें. पण त्यापलीकडेही एक माप आहे, हें बाहेरच्या डोळ्यास दिसलें व त्यानें तें टिपलें.

दया नको

सईबाईंच्या दृष्टीचें सार ज्यांत सांपडतें अशी कृति म्हणजे सन १९८० मधील 'स्पर्श'. ती अनुबोधपट नव्हे, कथापट आहे. पण तिचें मूळ खऱ्या माणसांत आहे. दिल्लीच्या एका अंधशाळेचे मुख्याध्यापक स्वतः अंध होते. त्यांच्यावरून नायक रेखाटला गेला, आणि शाळेंतील अंध मुलांनींच चित्रपटांत काम केलें. ह्या नायकाचा आग्रह एकच : माझ्या मुलांस मदत करा, पण कींव करूं नका. चित्रपटास राष्ट्रीय पारितोषिकें मिळालीं, त्यांत सईबाईंच्या पटकथेसही मिळालें.

हा आग्रह आपणांस किती लागू पडतो, पाहा. शेतकरी म्हटला कीं चित्रपटवाल्यांजवळ दोनच सांचे तयार असतात. एकांत तो फाटक्या पागोट्याचा, आभाळाकडे डोळे लावून बसलेला. दुसऱ्यांत हिरव्या शेतांत गाणारा, नाचणारा व मनाचा भोळा. पहिल्यास पाहून शहरांतला मनुष्य हळहळतो, दुसऱ्यास पाहून त्याची करमणूक होते. पण पाळीचें पाणी लांबलें असतां कोणतें पीक जगवावें आणि कोणतें सोडावें, खोडवा ठेवावा कीं मोडावा, सोसायटीचें कर्ज नवें-जुनें करावें कीं जनावर विकून फेडावें, असा हिशेब करणारा, चुकणारा, चुकीवरून शिकणारा शेतकरी त्या दोन्ही सांच्यांत बसत नाहीं.

तो हिशेबी शेतकरी सईबाईंच्या 'दिशा' (१९९०) ह्या चित्रपटांत पुष्कळसा दिसतो. दुष्काळी खेड्यांतून मुंबईच्या गिरणींत पोट भरण्यास जाणारे तरुण, एकेका गाळ्यांत दाटीवाटीनें राहणारे डझनावारी कामकरी, मागें गांवांत विड्या वळून संसार चालविणाऱ्या बायका, आणि सारें गांव हंसत असतां वर्षानुवर्षें विहीर खणीत राहिलेला एक मनुष्य, अशीं ह्यांतील माणसें आहेत. खणणाऱ्याची भूमिका ओम पुरी यांनीं केली आहे. अखेरीस त्या विहिरीस पाणी लागतें, आणि गांव सोडणें हाच एक मार्ग आहे हें गृहीत हलतें. बारामती-इंदापूर भागांत ज्यांच्या वांट्यास नीरा डाव्या कालव्याचें पाणी आलें त्यांस, आणि त्याच तालुक्यांत जिराईत पट्ट्यांत राहून ज्यांस तें कधीं मिळालें नाहीं त्यांसही, ह्या विहिरीचा अर्थ निराळा समजावून सांगण्याची गरज नाहीं.

बायकांचा आवाज

सन १९९३ सालीं सईबाईंनीं फिल्म्स डिव्हिजनसाठीं 'चूडियाँ' हा अनुबोधपट केला. महाराष्ट्रांतील एका लहान गांवांतल्या बायकांनीं दारूविरुद्ध उभारलेली चळवळ हा त्याचा विषय. सामाजिक प्रश्नांवरील उत्कृष्ट चित्राचें राष्ट्रीय पारितोषिक त्यास मिळालें. पुढें आपल्या राज्यांत बायकांच्या मतदानानें गांवांतील दारूचें दुकान बंद करण्याची तरतूद झाली. 'उभी बाटली, आडवी बाटली' हे शब्द आतां खेडोपाडीं सर्वांच्या परिचयाचे आहेत.

येथें एक कडू सत्य बोलल्यावांचून राहवत नाहीं. आपल्या सभांत, आपल्या अहवालांत, आपल्या मासिकांतसुद्धां बोलतात ते बहुधा पुरुष. खुरपणीस किती दिवस गेले, बियाणें घरांत कोठें व कसें राखलें, दुधाचा पैसा कशांत जिरला, हें जिला ठाऊक ती बाई फोटोंतही मागच्या रांगेंत असते. उसाच्या हिशेबांत तिच्या श्रमाचा रकाना बहुधा कोराच राहतो. 'चूडियाँ'मध्यें ह्याच मागच्या रांगेला पुढें आणलें आहे.

खरें चित्र व मातीचा नमुना

आतां मूळ प्रश्नाकडे वळूं. चित्र खरें असून गोष्ट खोटी कशी होते?

उत्तर आपल्याच व्यवसायांत आहे. मातीपरीक्षणासाठीं नमुना घेतांना आपण काय करतों? बांधाजवळची, झाडाखालची, खताच्या ढिगाऱ्याजवळची माती घेत नाहीं. शेतांत नागमोडी रेषेनें चालत ठिकठिकाणीं खड्डे घेतों, ती सर्व माती एकत्र मिसळतों, तिचे चार भाग करून समोरासमोरचे दोन टाकून देतों, आणि असें करीत करीत अखेर सुमारें अर्धा किलो माती पिशवींत भरतों. ती अर्धा किलो माती साऱ्या शेताच्या वतीनें साक्ष देते. उकिरड्याच्या जागेची माती भरून पाठविली, तर मातीही खरी आणि शेतही खरें, परंतु साक्ष खोटी.

अनुबोधपटाचें असेंच आहे. चित्रण करणारा जितकें टिपतो त्याचा लहानसा अंशच अखेर ठेवतो. बाकीचें कापून टाकतो. ह्या कामास संकलन म्हणतात. प्रामाणिक मनुष्य मातीचा नमुना घ्यावा तसें चित्र घेतो. जाहिरातवाला उकिरड्याजवळचें एक गुंठा रान निवडून तेवढेंच दाखवितो. आमच्या गांवच्या चित्रफितींत लबाडी होती ती ह्या निवडींत. उत्तम वाढलेला ऊस दाखविला. पण शेजारची न फवारलेली पट्टी, जमिनीचा प्रकार, घातलेलें खत, दिलेल्या पाण्याच्या पाळ्या आणि वजनाची पावती, हें सारें कापलेल्या भागांत राहिलें.

आपण काय करावें?

आज प्रत्येक घरीं चित्रें घेण्याचें यंत्र आहे. सावेदादांस जें विलायतेहून मागवावें लागलें, तें आपल्या पोरांच्या खिशांत असतें. बारामतीस 'वसुंधरा वाहिनी'सारखी सामुदायिक नभोवाणीही निघाली. साधनांची उणीव उरली नाहीं. उणीव आहे ती शिस्तीची. म्हणून आपल्या मंडळाच्या सभासदांस पुढील गोष्टी सुचवाव्याशा वाटतात.

पहिली, शेतांतील प्रयोगाचें चित्रण करतांना तारीख, गट, वाण, हंगाम व खर्च बोलून नोंदवावा. ऊस को ८६०३२ असो वा दुसरा कोणता, आडसाली कीं सुरू, हें सांगितल्यावांचून उताऱ्याच्या आंकड्यास अर्थ नाहीं.

दुसरी, न फवारलेली किंवा न खतविलेली एक पट्टी राखून ती त्याच चित्रांत दाखवावी, आणि कांट्याची पावती आल्याशिवाय निष्कर्ष सांगूं नये.

तिसरी, फसलेला प्रयोगही तितक्याच मोकळेपणानें दाखवावा. एकाच्या नुकसानीची खरी हकीकत दहा जणांचें नुकसान टाळते.

चौथी, घरांतील बाईस विचारावें, तिचें नांव घेऊन तिचें बोलणें पुरें होईपर्यंत ऐकावें. आणि कोणाचेंही चित्र त्याच्या संमतीवांचून घेऊं नये.

पांचवी, बाहेरून आलेली चित्रफीत एकट्यानें पाहून दुकानाकडे धांवूं नये. महिन्यांतून एकदां पारावर बसून दहा जणांनीं ती एकत्र पाहावी, शंका लिहून काढाव्यात आणि कृषि विज्ञान केंद्राच्या तज्ज्ञांस विचाराव्यात. सन १९५६ चीं श्रवणमंडळें दुसरें काय करीत होतीं?

प्रस्तुत लेखकानें चालू सुरू उसांत पांच गुंठ्यांची एक पट्टी कांहीं न फवारतां राखून ठेविली आहे. दर पंधरवड्यास दोन्ही बाजूंचें चित्र एकाच जागेवरून घेतलें जातें, आणि घरची मंडळी मजुरीचा व पाण्याचा हिशेब वहींत लिहीत आहेत. ऊस तुटल्यावर कांट्याची पावती हातीं येईल. ती अनुकूल असो वा प्रतिकूल, सर्व चित्रांसह मंडळाच्या सभेपुढें ठेवण्यांत येईल. इच्छा असेल त्यांनीं तत्पूर्वींही पिंपळीस येऊन दोन्ही पट्ट्या समक्ष पाहाव्यात.